सात दिवस, पाच चॅट

पोटमाळ्यावरच्या एका खोलीत शाळकरी वयाची मुलगी लॅपटॉपसमोर बसली आहे. आपण तिला लॅपटॉपच्या आतून, म्हणजे वेबकॅमच्या जागेवरून बघतोय. 'मला वर्ल्ड्स फेअरला जायचंय' असं ती तीनदा म्हणते, बोटाला टाचणी टोचते, रक्ताचा ठिपका स्क्रीनला पुसते आणि एक व्हिडिओ लावते. व्हिडिओत काय आहे ते आपल्याला कळत नाही. तिच्या चेहऱ्यावर रंगीत उजेड भराभर उघडमीट करतो, तेवढाच आपल्या वाट्याला येतो.

जेन शोनब्रन यांच्या 'वी आर ऑल गोइंग टू द वर्ल्ड्स फेअर' या सिनेमाची ही सुरुवात. मोजक्या पैशांत, कुठल्याही मोठ्या स्टुडिओशिवाय केलेला हा अमेरिकन भयपट. जानेवारी २०२१ मध्ये तो सनडान्स महोत्सवात दाखवला गेला. कोविडमुळे त्या वर्षीचा महोत्सवच मुख्यतः ऑनलाइन होता. त्यामुळे एकटीनं खोलीत बसून स्क्रीनकडे बघणाऱ्या मुलीचा हा सिनेमा पहिल्यांदा बघणारे बरेच लोकही घरात स्क्रीनसमोरच बसलेले होते.

मी तो पुण्यात, फ्लॅटमधला मित्र झोपल्यावर, हेडफोन लावून लॅपटॉपवर पाहिला. दचकवणारं त्यात जवळपास काही नाही. केसी नावाची ही मुलगी एका ऑनलाइन खेळात सामील झाली आहे. तो व्हिडिओ पाहिला की माणूस आतून बदलत जातो अशी आख्यायिका आहे, आणि स्वतःतले बदल चित्रित करून टाकत राहायचं हा खेळाचा नियम. ती खरोखर बदलतेय की नाटक करतेय, हे शेवटपर्यंत ठरत नाही. सिनेमा संपल्यावर मी बराच वेळ जागा राहिलो. त्याचं कारण मात्र केसी नव्हती, २०१८ च्या जून महिन्यात मी पाठवलेला एक व्हिडिओ होता. त्याच्याकडे मी येणारच आहे. पण आधी एका जुन्या भीतीचा माग काढू. बघितल्यानं माणसाचं वाईट होईल अशी एखादी फिल्म, टेप, क्लिप जगात असू शकते, ही कल्पना आली कुठून?

*

आपल्याकडच्या वाचकाला ही कल्पना परकी वाटायचं कारण नाही. माझ्या आजीच्या ट्रंकेत एक पोस्टकार्ड होतं. वर देवीचं नाव, खाली मजकूर असा की हे पत्र वाचल्यावर अशीच एकवीस पत्रं लिहून एकवीस जणांना पाठवावीत. ज्यानं पाठवली त्याला गुप्तधन मिळालं, ज्यानं फाडून फेकलं त्याचा मुलगा गेला. देव बदलायचा, आकडा बदलायचा, पण रचना तीच. आजी अशी पत्रं मिळाली की मुकाट्यानं पोस्टातून कार्डं आणायला लावायची. "खरं-खोटं देवाला ठाऊक, एकवीस कार्डांनी काय होतं?" हा तिचा हिशोब. ती अंधश्रद्ध होती असं मला वाटत नाही. तिनं जोखीम तोलली होती, एवढंच.

या पत्रात धमकी किरकोळ असते. महत्त्वाचं असतं ते पत्राचं स्वतःच्या प्रती काढून घेणं. पत्राला ना पाय ना पंख. त्याला पसरायचं असेल तर माणसाचा हात लागतो, आणि तो हात हलवायला भीती किंवा काळजी लागते.

माझी नोकरी नेमकी याच प्रकारची आहे. एका यंत्रणेनं दुसरीला पाठवलेले निरोप नीट पोचतात की नाही हे बघणं. निरोप हरवू नये, आणि एकच निरोप दोनदा पोचू नये, यासाठी आम्ही दिवसचे दिवस डोकं फोडतो. निरोपात काय लिहिलंय याच्याशी आमचा संबंध नसतो. ही सवय कामाला चांगली आहे, पण बाहेरच्या जगात ती माणसाला किती आंधळं करते ते मला उशिरा कळलं.

*

सिनेमातली भीती आधी वेगळ्याच वाटेनं गेली. १९७६ साली न्यूयॉर्कमध्ये 'स्नफ' नावाचा एक चित्रपट लागला. अ‍ॅलन शॅकलटन नावाच्या वितरकानं मायकल आणि रॉबर्टा फिंडले यांचा, अर्जेंटिनात चित्रित केलेला आणि डब्यात पडून राहिलेला एक सुमार सिनेमा घेतला. त्याला त्यानं नवा शेवट जोडला. चित्रीकरण संपल्यावर युनिटमधलेच लोक एका बाईला खरोखर ठार मारतात, असं भासवणारा. खरा खून पडद्यावर दाखवलाय ही अफवा त्यानं स्वतःच नीट पोसली. चित्रपटगृहाबाहेर निदर्शनं झाली, सरकारी वकिलांच्या कार्यालयानं चौकशी केली, आणि 'मेलेली' अभिनेत्री जिवंत आहे हे सिद्ध झालं. चार वर्षांनी इटलीत रुजेरो देओदातोवर तीच पाळी आली. 'कॅनिबल होलोकॉस्ट'मधले नट जिवंत आहेत हे त्याला न्यायव्यवस्थेपुढे दाखवून द्यावं लागलं.

मग घराघरांत व्हीसीआर आला आणि भीतीनं पत्ता बदलला. चित्रपटगृहाच्या दारावर निदान तिकीट फाडणारा माणूस असतो. टेप मात्र थेट दिवाणखान्यात येते, मुलांच्या हाताला लागते. ब्रिटनमध्ये ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला 'व्हिडिओ नॅस्टी' हा शब्द वर्तमानपत्रांनी रूढ केला. सरकारी अभियोक्त्यांनी खटल्यास पात्र चित्रपटांची यादी केली, तीत वेळोवेळी मिळून बहात्तर नावं आली. १९८४ च्या कायद्यानं प्रत्येक टेपला प्रमाणपत्र सक्तीचं झालं. आपल्याकडे त्याच काळात, काकांच्या सांगण्यानुसार, गणपतीत वर्गणी काढून भाड्यानं व्हीसीआर आणला जायचा. आधी 'जय संतोषी माँ' लागायचा, आणि बायका-मुलं घरी गेली की 'पुराना मंदिर'. आमच्या गावात प्रमाणपत्र देणारा अधिकारी म्हणजे कुणाची तरी आई. ती "पुरे आता" म्हणाली की टीव्ही बंद.

या धुरळ्यातून सगळ्यात तीक्ष्ण सिनेमा काढला तो कॅनडाच्या डेव्हिड क्रोनेनबर्गनं. १९८३ च्या 'व्हिडिओड्रोम'मध्ये टोरांटोतल्या एका फुटकळ टीव्ही वाहिनीचा मालक नवं, आणखी भडक काहीतरी शोधत असतो. त्याला छळाच्या दृश्यांखेरीज काहीच नसलेला एक कार्यक्रम सापडतो. पुढे कळतं की दृश्यांआडून एक सिग्नल येतोय आणि तो बघणाऱ्याच्या मेंदूत गाठ वाढवतो. दृश्यं हे नुसतं आमिष. मारतं ते त्यांच्या खालून वाहणारं. आशय आणि वाहक वेगळे काढून बघणारा हा मला माहीत असलेला पहिला भयपट.

क्रोनेनबर्गचा सिग्नल मात्र अजून एका दिशेनंच जातो. प्रसारण करणारा वर, बघणारा खाली. बघणाऱ्याच्या हातात पुढे ढकलायचं बटण दिलं ते जपान्यांनी.

*

कोजी सुझुकीची 'रिंग' ही कादंबरी १९९१ ची आणि हिदेओ नाकाताचा सिनेमा १९९८ चा. कथा आता सर्वांना ठाऊक आहे. एक टेप आहे, ती पाहिली की सात दिवसांनी मरण. रेइको ही पत्रकार ती पाहते, तिच्या लहान मुलाच्याही नजरेस ती पडते, आणि सुटकेचा मार्ग शोधताना तिची धावाधाव होते. विहिरीतून, टीव्हीतून बाहेर येणारी केस मोकळे सोडलेली सादाको एवढी गाजली की शेवटाकडे लोकांचं लक्ष कमीच गेलं. शेवट असा: टेपची प्रत काढून दुसऱ्याला दाखवली तरच पहिला वाचतो. हे उमगल्यावर रेइको व्हीसीआर गाडीत टाकून स्वतःच्या वडिलांच्या घराकडे निघते. नातवाला वाचवायला आजोबांना टेप दाखवायची.

माझ्या आजीचं पोस्टकार्डच हे, फक्त दात बसवलेलं. कादंबरीत तर एक तपशील असा आहे की तो वाचताना मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. टेपच्या शेवटी, मरण टाळायचं असेल तर काय करा, याची सूचना होती. पण आधी ती पाहणाऱ्या पोरांनी गंमत म्हणून तेवढ्याच भागावर टीव्हीवरची जाहिरात टेप करून टाकली. म्हणजे टेपची दहशत शिल्लक राहिली आणि उपाय तेवढा पुसला गेला. नायकाची सगळी धडपड त्या पुसलेल्या शेवटासाठी आहे.

हा तपशील लक्षात ठेवा, तो पुढे पुन्हा लागणार आहे.

*

टेपा गेल्या, इंटरनेट आलं. १० जून २००९ रोजी 'समथिंग ऑफुल' या अमेरिकन संकेतस्थळावर एरिक क्नुडसेन यानं दोन कृष्णधवल छायाचित्रं टाकली. खेळती मुलं, आणि मागे सूट घातलेला, अतिउंच, बिनचेहऱ्याचा माणूस. बनावट अलौकिक फोटो करायचे अशी तिथे स्पर्धाच लागली होती, त्यामुळे ते खोटे असल्याचं कुणीच लपवलं नव्हतं. त्या पात्राला त्यानं 'स्लेंडरमॅन' म्हटलं. त्याच महिन्यात यूट्यूबवर 'मार्बल हॉर्नेट्स' ही मालिका सुरू झाली, सापडलेल्या टेपांचा आव आणून केलेली. मग कथा, खेळ, चित्रं. प्रत्येक जण थोडी भर घालून पुढे पाठवी. कुठेतरी वाटेत 'हे आपण रचलंय' ही ओळ गळून पडली.

३१ मे २०१४ रोजी विस्कॉन्सिन राज्यातल्या वॉकेशा इथे बारा वर्षांच्या दोन मुलींनी त्यांच्याच वयाच्या मैत्रिणीवर जंगलात चाकूचे एकोणीस वार केले. स्लेंडरमॅनला खूश करायचं होतं, असं त्यांनी पोलिसांना सांगितलं. ती मैत्रीण सरपटत रस्त्यापर्यंत आली आणि वाचली. पुढे दोघी मानसिक आजारामुळे दोषी नसल्याचा निर्णय होऊन त्यांना मनोरुग्णालयात ठेवण्यात आलं. इंटरनेटनं मुलींना खुनी केलं, असे मथळे तेव्हा आले. आजाराबद्दलचा भाग मथळ्यात मावला नाही.

शोनब्रन यांनी २०१८ मध्ये या सगळ्या प्रकरणावर 'अ सेल्फ-इंड्यूस्ड हॅलुसिनेशन' हा माहितीपट केला. त्यात स्वतः चित्रित केलेलं काही नाही. पूर्ण फिल्म लोकांनी यूट्यूबवर टाकलेल्या स्लेंडरमॅनविषयीच्या व्हिडिओंची जुळणी आहे. 'वर्ल्ड्स फेअर' त्यानंतरची. आपल्या शरीराविषयीच्या, लिंगभावाविषयीच्या अस्वस्थतेचा हा सिनेमा आहे, असं शोनब्रन यांनी जाहीरपणे सांगितलं आहे. 'काहीतरी माझ्यात बदलतंय' हे सांगायला त्या मुलीला भयकथेखेरीज दुसरी भाषाच मिळालेली नाही. म्हणून मला वाटतं, शापित व्हिडिओ आपल्याला न दाखवणं ही काटकसर नव्हे. व्हिडिओत काही नाहीच. जे आहे ते समोर बसलेलीत आहे.

आणि तिला बघणाऱ्यात. केसीचे व्हिडिओ फार कुणी बघत नाही, पण जेएलबी नावानं वावरणारा एक माणूस बघतो. तो तिच्या चेहऱ्याचं विद्रूप केलेलं चित्र तिला पाठवतो, तू संकटात आहेस असं सांगतो. नंतर दिसतं की तो मोठ्या घरात राहणारा पोक्त गृहस्थ आहे. मला तुझी काळजी वाटते, असं तो म्हणतो, आणि पुढचे व्हिडिओ करत राहा असंही म्हणतो. काळजी खरी असेलही. पण बघायची हौस आणि काळजी यांतली शिवण कुठे आहे ते त्यालाही सांगता येणार नाही.

इथे मला माझा जून २०१८ आठवला.

*

मी तेव्हा इंजिनियरिंगच्या शेवटच्या वर्षाची परीक्षा देऊन हॉस्टेलवर रिकामा बसलो होतो. एका मित्राकडून व्हिडिओ आला. गल्लीत मुलं क्रिकेट खेळताहेत, मोटरसायकलवर दोघे जण येतात, एका पोराला उचलतात आणि पसार होतात. सीसीटीव्हीसारखं वरून घेतलेलं दृश्य. सोबत मराठी मजकूर: आपल्या भागात मुलं पळवणारी टोळी आली आहे, काळजी घ्या. मी बागलाणचा. घरी लहान चुलत भावंडं होती. मी तो गावाकडच्या नातेवाइकांच्या ग्रूपवर टाकला. वर माझ्या पदरची दोन वाक्यंही जोडली, कारण शिकलेल्या मुलाचा शब्द घरात जड असतो हे मला माहीत होतं.

तो व्हिडिओ आपल्या भागातला नव्हता, आपल्या देशातलाही नव्हता. कराचीतल्या रोशनी हेल्पलाइन या संस्थेनं मुलांच्या सुरक्षिततेविषयी लोकांना जागं करायला केलेली ती छोटी फिल्म होती. मूळ फिल्ममध्ये ते मोटरसायकलवाले परत येतात, पोराला खाली उतरवतात आणि एक फलक धरतात: कराचीच्या रस्त्यावरून मूल पळवायला क्षणभर पुरतो. कुणीतरी तो शेवट कापला. सुझुकीच्या कादंबरीतली पोरं आठवा. दहशत शिल्लक, खुलासा पुसलेला. इथे तर मूळ फिल्मच धोक्याचा इशारा देण्यासाठी केलेली, आणि तोच इशारा कापल्यावर धोका झाला.

१ जुलै २०१८, रविवार. धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात राईनपाडा इथे आठवडे बाजार भरला होता. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण तिथे आले. बहुतेक सोलापूर जिल्ह्यातली माणसं, भिक्षा मागत गावोगाव फिरणारी. मुलं पळवणारे आलेत, असा ओरडा झाला. त्यांना मारत ग्रामपंचायतीच्या खोलीत नेलं आणि तिथे पाचही जणांना ठार मारलं. लोकांनी त्याचंही मोबाइलवर चित्रीकरण केलं. ते व्हिडिओही फिरले. पोलिसांनी आरोपी ओळखायला तेच वापरले.

१९७६ सालचा न्यूयॉर्कचा प्रेक्षक ज्या वस्तूच्या अफवेनं हादरला होता, ती वस्तू शेवटी अशी तयार झाली. त्यासाठी ना वितरक लागला, ना गुप्त टोळी. बाजाराला आलेली माणसं आणि त्यांच्या हातातले फोन एवढं पुरलं.

साक्री आणि आमचा तालुका यांच्यामध्ये एक डोंगररांग आहे. माझा फॉरवर्ड राईनपाड्याला पोचला असेल असं मी म्हणत नाही. तेव्हा तो आणि तसे कितीतरी व्हिडिओ सगळीकडे होते, माझ्या एकट्यामुळे एखादा थेंब वाढला असेल. पण आमच्या गावात काय झालं ते मला आजीनं सांगितलं. दर वर्षी पहिल्या पावसानंतर एक गोसावी आमच्याकडे यायचा. भगवी कफनी, झोळी, हातात डौर. आजी त्याला सुपातून बाजरी घालायची, तो तिला खोटंच सांगायचा की नातू परदेशी जाणार. त्या जूनच्या शेवटी तो आला तेव्हा पारावरच्या पोरांनी त्याला अडवलं, झोळी उलटी केली, दोन थपडा मारल्या. कुणीतरी म्हातारं माणूस मध्ये पडलं म्हणून प्रकरण वाढलं नाही. तो वेशीबाहेर गेला आणि पुन्हा कधी आला नाही. पोरांना व्हिडिओ माझ्या आईनं दाखवला होता, आणि आईला मी पाठवला होता. "इंजिनियरनं पाठवलाय," असं ती म्हणाली होती.

रेइको टेप घेऊन वडिलांकडे गेली ती मुलाला वाचवायला. मीही भावंडांना वाचवायलाच पाठवला. फरक एवढाच की तिला ठाऊक होतं आपण काय करतोय.

*

राईनपाड्यानंतर दहा दिवसांच्या आत व्हॉट्सअ‍ॅपनं पुढे पाठवलेल्या संदेशावर 'फॉरवर्डेड' असं लिहायला सुरुवात केली. त्याच महिन्यात भारतात एक संदेश एका वेळी पाचच चॅटना पाठवता येईल अशी मर्यादा आली, आणि व्हिडिओशेजारचं झटपट फॉरवर्डचं बटण काढलं गेलं. जानेवारी २०१९ मध्ये पाचाची मर्यादा जगभर लागू झाली. फार वेळा फिरलेला संदेश एका वेळी एकाच चॅटला, हा नियम एप्रिल २०२० चा.

धंद्यातला माणूस म्हणून मला हा उपाय रंजक वाटतो. कंपनीला संदेश वाचता येत नाहीत, कारण ते कुलूपबंद जातात. त्यामुळे खरा कोणता, खोटा कोणता हे मधल्यामध्ये ठरवायची सोय नाही. म्हणून त्यांनी आशयाला हातच लावला नाही. किती वेळा पुढे गेला त्याचा मोजणीदार संदेशाबरोबरच प्रवास करतो, आणि हात किती वेगानं हलू शकतो त्यावर लगाम बसतो. आजीच्या पोस्टकार्डावर कुणीतरी 'एकवीस' खोडून 'पाच' केलं, असं म्हणा. पोस्टकार्ड तेच.

लगामानं वेग कमी होतो, थांबत नाही, हे पुढच्याच वर्षी दिसलं. १५ मार्च २०१९ ला न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्च इथे एका हल्लेखोरानं मशिदींमधलं हत्याकांड फेसबुकवरून थेट प्रक्षेपित केलं. फेसबुकच्या म्हणण्यानुसार प्रक्षेपण चालू असताना ते पाहणारे दोनशेहून कमी होते. काढून टाकेपर्यंत एकूण सुमारे चार हजार वेळा ते पाहिलं गेलं. आणि पहिल्या चोवीस तासांत फेसबुकनं त्याच्या पंधरा लाख प्रती काढल्या, त्यातल्या बारा लाख चढवतानाच अडवल्या. एकच फाइल पंधरा लाख वेळा आली असती तर यंत्राला ती ओळखणं सोपं होतं. फाइलचा ठसा काढायचा आणि जुळला की अडवायचा. पण लोक कडा कापत, स्क्रीनवरून पुन्हा चित्रित करत, रंग बदलत. दिसायला वेगळ्या अशा आठशेहून अधिक आवृत्त्या मोजल्या गेल्या. दोनशेहून कमी प्रेक्षक आणि पंधरा लाख प्रती, या दोन आकड्यांच्या मधली जागा माणसांच्या हातांनी भरली. त्यात तिरस्कारानं पाठवणारे होते तसे 'बघा किती भयंकर' म्हणून पाठवणारेही असणार. यंत्राला दोघांत फरक दिसत नाही, आणि फाइलला तर नाहीच.

उरलेलं बघायला माणसंच बसवावी लागतात. २०१८ चा 'द क्लीनर्स' हा माहितीपट मनिलातल्या अशा कामगारांवर आहे. दिवसभर इतरांनी बघू नये ते बघायचं आणि काढायचं. अमेरिकेत अशा कामगारांनी मानसिक आघातासाठी केलेल्या दाव्यात मे २०२० मध्ये फेसबुकनं ५.२ कोटी डॉलर द्यायचं कबूल केलं. बघितल्यानं खरोखर इजा होते, ही जुनी भीती इथे पूर्णपणे खरी ठरली. पण तिच्यावर भयपट काढायचे तर भूत कुठून आणणार? समोर पाळीवर आलेला माणूस आणि पुढची क्लिप, इतकंच.

*

म्हणून 'वर्ल्ड्स फेअर'चा शेवट मला पुन्हापुन्हा आठवतो. केसी संपर्क तोडते आणि पडद्यावरून जाते. उरतो जेएलबी. तो आपल्याला सांगतो की वर्षभरानं ती आपल्याला भेटली, ती बरी आहे. त्याच्या सांगण्यावर विश्वास ठेवायला काहीही आधार नाही. मुलीची गोष्ट आता तो रचतोय, आणि ती त्याला हवी तशी गोड करून घेतोय. सिनेमा त्याला खलनायक करत नाही, सोडूनही देत नाही.

मलाही गोष्ट गोड करून घ्यायची सवय लागली होती. तो गोसावी दुसऱ्या वाटेनं फिरत असेल, म्हातारा झाला असेल, मुलांनी शहरात नेला असेल. आजी आता नाही, त्यामुळे विचारायलाही कुणी नाही. त्याचं नाव आमच्यापैकी कुणाला माहीत नव्हतं.

हा लेख लिहायला घेतला तेव्हा मी त्या ग्रूपवर मागे मागे जात जून २०१८ शोधला. व्हिडिओ उघडत नाही, फाइल केव्हाच पुसली गेली आहे. धुरकट चौकोन तेवढा आहे. खाली माझी दोन वाक्यं आहेत, त्याखाली मामांचा हात जोडलेला, काकूचं 'बरं झालं सांगितलंस', आणि आईचं 'ok बेटा'. 'फॉरवर्डेड' असं कुठेच लिहिलेलं नाही, कारण ते लिहायला सुरुवात व्हायला अजून काही दिवस होते. बघणाऱ्याला वाटेल, हा व्हिडिओ मीच काढलाय.

आईला मी राईनपाड्याबद्दल आणि कराचीच्या फिल्मबद्दल सगळं सांगितलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. आता तिला काही आलं की ती आधी मला पाठवते, खाली लिहिते: हे खरं आहे का रे? मी मीटिंगमध्ये असतो, उत्तर द्यायला कधी कधी रात्र होते. तोवर ती थांबते का, हे मी तिला अजून विचारलेलं नाही.